फक्त 'हो' म्हणणारा डबा

मित्रांनो, गाडीचं बॉनेट उघडून तुम्ही कितीही वाकून पाहिलंत तरी मी तुम्हाला दिसलो नसतो. माझी जागा खोल, हवेच्या जाडजूड नळ्यांच्या मागे, इंजिनाच्या कुशीला चिकटून. आता मात्र कोणीही मला बघू शकतं. मी एका गॅरेजच्या फळीवर पडलोय, तळहाताएवढा काळा प्लॅस्टिकचा डबा. स्क्रू बसवायचा एक कान तुटलाय आणि अंगावर धूळ आहे. समोर छोटी खिडकी आहे आणि खिडकीतून तळं दिसतं.

माझं काम साधं होतं. इंजिन धावतं तेव्हा त्याच्या पोटात धूर कोंडतो. टर्बोच्या गाडीत तो जरा जास्तच कोंडतो, कारण टर्बो म्हणजे पोट भरलेल्या पोराला आणखी दोन घास कोंबणारी आई. त्या धुरात तेलाचे बारीक थेंब असतात. धूर माझ्यात यायचा, माझ्या आतल्या आडव्यातिडव्या भिंतींवर आपटायचा. तेल खाली गळायचं, ते मी इंजिनाला परत द्यायचो, आणि कोरडा धूर पुन्हा जाळायला पाठवायचो. म्हणून इथले लोक मला 'तेलाचा सापळा' म्हणतात. माझ्या टाळूला एक पातळ रबरी पडदा होता. इंजिनाने धूर किती ओढायचा आणि कुठे थांबायचं, ते हा पडदा ठरवायचा. तो लक्षात असू द्या.

आमची गाडी हिल्डिंगची. स्वीडनच्या पार उत्तरेला, एका लांबट तळ्याच्या काठावर तो आणि त्याची बायको मायवोर राहायचे. हिल्डिंग मोजकं बोलणारा, ओठाखाली कायम तंबाखूची चिमूट धरलेला माणूस. गाडीवर त्याचा जीव. दर शनिवारी तो काही काम नसताना गाडी लांब घेऊन जायचा. मायवोर म्हणायची, "कुठे निघालास?" तो म्हणायचा, "हिला जरा तापवून आणतो." इतक्या थंडीत इंजिन नीट तापलं नाही तर माझ्या पोटात पाणी साठतं आणि ते तेलात मिसळून चिखल होतो, हे त्याला कळत होतं. माझं नाव तो कधी घेत नसे, पण माझी काळजी घेणारा तोच.

आणखी एक काम त्याच्याकडे होतं. हिवाळ्यात तळं गोठलं की पलीकडच्या गावाला जायची वाट बर्फावरूनच पडते. हिल्डिंग हाताच्या गिरमिटाने बर्फाला भोकं पाडून जाडी बघायचा आणि वाटेच्या कडेने झाडाच्या डहाळ्या रोवायचा. लोक विचारायचे, "धरेल का रे?" तो उत्तर द्यायचा.

ते उत्तर कसं होतं ते सांगायलाच हवं. इथल्या माणसांना 'हो' म्हणायला शब्द लागत नाही. तिखट लागल्यावर तुम्ही जसा श्वास आत ओढता, तसा ती ओठ चंबूसारखे करून झटकन ओढतात. श्शुप्. झालं 'हो'. नवखा माणूस दचकतो, त्याला वाटतं समोरच्याला काही लागलं. 'नाही' मात्र ही माणसं तोंड उघडून, स्वच्छ म्हणतात.

एका शरद ऋतूत हिल्डिंग झोपेतच गेला. तळं अजून गोठलं नव्हतं.

त्यानंतर गाडी मायवोर चालवू लागली. शनिवारची लांबची फेरी थांबली. दुकानापर्यंत जायचं, टपालपेटीपर्यंत जायचं आणि परत. इंजिन कोमट व्हायच्या आत बंद. माझ्या पोटात पाणी साचू लागलं. ते गोठायचं, वितळायचं, पुन्हा गोठायचं. माझा पडदा कडक झाला आणि एका दुपारी टाळूपाशी फाटला. दुपारी म्हणतोय, पण तेव्हा बाहेर अंधार होता. इथल्या हिवाळ्यात दुपार अशीच असते.

मायवोर दुकानातून परतत होती. एकटीच बोलायची तिला सवय लागली होती. ती म्हणाली, "दिवा लावून आले होते ना मी?" आणि विचारता विचारता तिचा पाय अ‍ॅक्सिलरेटरवरून सुटला.

पाय सुटला की इंजिन जोरात ओढतं. फाटक्या पडद्यातून हवा आत घुसली.

श्शुप्.

मायवोरने गाडी रस्त्याच्या कडेला थांबवली.  मग अगदी हळू म्हणाली, "हिल्डिंग?" आणि घरी येऊन बघते तर खिडकीत दिवा खरंच जळत होता.

मित्रांनो, मी एक भोक पडलेला डबा होतो, बस. पण त्या दिवसापासून तिने मला विचारायला सुरुवात केली. "आज बर्फ पडेल का?" श्शुप्. "आल्फहिल्डला फोन करू का?" श्शुप्. आल्फहिल्ड ही तिची मोठी बहीण, तळ्यापलीकडच्या वृद्धाश्रमात राहायची. विचारताना मायवोरचा पाय दरवेळी सैल पडायचा, हे तिला ठाऊक नव्हतं. कोणालाही काही विचारताना आपण थोडं थांबतोच ना? ती हसून म्हणायची, "संसारात इतकं माझं कधी ऐकलं नाहीस रे बाबा!" आणि मी तिच्या हसण्यावरही 'हो' म्हणायचो. मला दुसरं काही येतच नव्हतं.

तेल मात्र संपू लागलं. मागून निळसर धूर निघू लागला. तेव्हा हिल्डिंगचा धाकटा भाऊ ओस्टेन आला. हा गावातल्या सगळ्यांच्या गाड्या दुरुस्त करायचा आणि तोंडाला त्याच्या कुलूप नव्हतं.

"ही गाडी आहे की धुराडं? मासे लटकव मागे, संध्याकाळपर्यंत खमंग होतील."

"तुझ्या गाडीपेक्षा बरी आहे. तुझी तर ढकलूनच नेतोस."

ओस्टेनने इंजिन चालू केलं, तेल ओतायचं झाकण काढलं आणि त्या तोंडावर एक पातळ रबरी हातमोजा ताणून बसवला. "आता बघ. हातमोजा फुगला तर सापळा तुंबलाय. आत गेला तर पडदा फाटलाय."

हातमोजा एकेक बोट करत आत गेला. आधी करंगळी, मग बाकीची बोटं, मग पंजा मनगटापर्यंत. आतून कोणीतरी हात हातात घ्यावा तसा. मायवोर जवळ आली. तिचा चेहरा बघून ओस्टेनची बडबड थांबली.

"पडदा गेलाय," तो म्हणाला. "डबाच बदलू. उद्या करतो."

"राहू दे."

"राहू दे काय? इंजिन बसेल तुझं."

मायवोर इंजिनावर वाकली. "हिल्डिंग, हा नेहमीसारखा फुकटची घाई करतोय ना?"

ओस्टेनने अ‍ॅक्सिलरेटरची तार हाताने ओढून धरली होती. तिचा प्रश्न ऐकून त्याच्या हातून ती सुटली.

श्शुप्.

ओस्टेनचा रंग उडाला. तेवढाच लांब, तसाच शेवटी जरा ओला श्वास. ओठाखाली तंबाखू असलेल्या माणसाचा. त्याने हातमोजा ओढून काढला, झाकण लावलं आणि म्हणाला, "गाडी तुझी आहे." त्या दिवशी तो कॉफीलाही थांबला नाही.

हिवाळाभर मायवोर बर्फावरून बहिणीकडे जात राहिली. डहाळ्या आता ओस्टेन रोवायचा, पण काठावर आली की ती मलाच विचारायची, "धरेल का?" मी 'हो' म्हणायचो आणि आम्ही निघायचो. खाली पाणी, वर बर्फ. अधूनमधून बर्फाच्या पोटातून लांबलचक हुंकार निघायचा, एका काठापासून दुसऱ्या काठापर्यंत. थंडीत भक्कम बर्फसुद्धा असा कण्हतो. पण मला तेव्हा वाटायचं, तळंही काहीतरी विचारतंय आणि त्यालाही मी 'हो' म्हणून बसेन.

एप्रिल आला. ओस्टेनने डहाळ्या उपटून नेल्या आणि वाटेच्या तोंडाशी आडवा वासा टाकला. वाट बंद. पण त्या सकाळी आल्फहिल्डचा वाढदिवस होता. मायवोरने वेलदोड्याचे बन भाजले होते, त्यांचा डबा शेजारच्या सीटवर ठेवला होता. तळ्याला वळसा घालणारा रस्ता फार लांबचा. ती काठावर आली, उतरून वासा बाजूला केला, परत बसली. समोर सगळं पांढरं शुभ्र, घट्ट दिसत होतं.

"धरेल ना रे?" तिने विचारलं आणि पाय उचलला.

मित्रांनो, त्या क्षणी मला ओरडून सांगायचं होतं, की मला काही माहीत नाही. मी बर्फ कधी पाहिलेलाच नाही. पण 'हो'ची हवा टाळूपाशी येऊन बसली होती, आणि तिच्यामागोमाग मायवोरचं चाक बर्फावर उतरणार होतं.

'हो' आलंच नाही.

हिवाळाभर साठलेला चिखल आणि रात्रीचं गोठलेलं पाणी माझ्या गळ्यात घट्ट बसलं होतं. धुराला जायला जागा उरली नव्हती. इंजिनाचं पोट फुगलं, तेल मोजायची पट्टी ताडकन वर उडाली, गरम तेल बॉनेटखाली शिंपडलं आणि धुराने काच झाकून टाकली. मायवोरने घाबरून किल्ली फिरवली. मग इतकी शांतता झाली, की बर्फाखालून वाहणारं पाणी ऐकू येत होतं. एप्रिलात ते ऐकू यायला नको असतं.

धूर बघून ओस्टेन ट्रॅक्टर घेऊन धावत आला. बाजूला पडलेला वासा त्याने पाहिला. गाडीच्या मागून हिल्डिंगचं गिरमिट काढलं, काठापासून थोडा आत गेला आणि टेकवलं. गिरमिट फिरवावंही लागलं नाही. बर्फ वरून पांढरा होता, आतून सुया सुया होऊन विरला होता. भोकातून काळं पाणी वर आलं.

परत येऊन त्याने गिरमिट गाडीत टाकलं. "एका डब्याला विचारून तू यावर जाणार होतीस?"

"डब्याला नाही. हिल्डिंगला."

"हिल्डिंग तुला कशाकशाला 'नाही' म्हणाला, आठव जरा."

मायवोरने डोळे पुसले. "कुत्रा पाळायला नाही म्हणाला. समुद्राकाठी सुट्टीला नाही म्हणाला. तुझ्या लग्नात नाचायला नाही म्हणाला. माझ्या आईला तर तोंडावर नाही म्हणाला."

"आणि एप्रिलच्या बर्फाला?"

तिने तळ्याकडे पाहिलं. मग म्हणाली, "दरवर्षी नाहीच म्हणायचा."

"मग हा कोण होता तुला सारखा हो म्हणणारा?"

 बनचा डबा मांडीवर घेऊन ती ट्रॅक्टरमध्ये बसली आणि ओस्टेनने आम्हाला ओढून तिच्या गॅरेजात आणलं.

ओस्टेनने नवं तेल भरलं, इंजिन क्षणभर चालू केलं आणि तोंडावर पुन्हा हातमोजा चढवला. या वेळी तो आत गेला नाही. हळूहळू भरत गेला, वर उठला, पाचही बोटं ताठ झाली. गॅरेजच्या अंधूक उजेडात इंजिनातून एक हात वर आला होता आणि इंजिनाच्या थरथरीने सावकाश हलत होता.

मायवोर पुढे झाली. तिने तो हात हातात घेतला.

"गरम आहे," ती म्हणाली.

ओस्टेन पाठ फिरवून नट खोलायचे पाने शोधत राहिला. ते त्याच्या खिशातच होते.

बऱ्याच वेळाने तिने हात सोडला. "काढ आता," ती म्हणाली.

त्याने इंजिन निववलं, वरच्या नळ्या उतरवल्या, स्क्रू सैल केले आणि मला बाहेर काढलं. त्यातच माझा कान तुटला. माझ्या पोटातून पिवळट, लोण्यासारखा चिखल निघाला. फाटका पडदा त्याने उचकटून तिला दाखवला, आणि तिने तो स्वतःच्या हाताने चुलीत टाकला. माझ्या जागी नवा डबा बसला, नळ्याही नव्या आल्या. इंजिन सुरू झालं. हातमोजा किंचित आत खचला आणि निमूट राहिला, निरोगी इंजिनावर राहतो तसा. मायवोरने पाय दाबून सोडून पाहिला. काही नाही. नुसतं इंजिन.

मित्रांनो, तुमच्या घरातलं यंत्र एक दिवस वेगळा आवाज काढू लागलं, तर तो आवाज कितीही ओळखीचा वाटो, आधी झाकण उघडून बघा. थंडीत गाडीला रोज चार पावलं चालवून बंद करू नका, कधीतरी लांब न्या, पोटभर तापू द्या. आणि माझ्यासारख्या न दिसणाऱ्या डब्याचीही तेल बदलताना चौकशी करा. आम्हाला स्वतःहून काही सांगता येत नाही.

एवढ्यावर मी थांबलो असतो. पण पुढच्या हिवाळ्यातली एक गोष्ट सांगायची राहिली.

आता गावासाठी बर्फ मायवोरच मोजते. गिरमिट माझ्याच फळीखाली टांगलेलं असतं. तळं गोठलं, तिने भोकं पाडली, डहाळ्या रोवल्या, लोक जाऊयेऊ लागले. एका सकाळी ती बहिणीकडे निघाली होती. सवयीने गिरमिट काढलं आणि जाता जाता माझ्याकडे बघून हसली. "काय रे डब्या, धरेल का आज?"

मी कोरडा ठणठणीत होतो. पडदा नाही, नळी नाही, इंजिन नाही. बाहेर वाराही नव्हता.

"नाही."

पुरुषाचा आवाज होता तो. मोठा नव्हता. ओठाखाली काहीतरी धरून बोलल्यासारखा.

मायवोर जागच्या जागी उभी राहिली. तिने मागे वळून पाहिलं नाही. मग तिने ओठ चंबूसारखे केले आणि श्वास आत ओढला. श्शुप्. गिरमिट परत टांगलं, दार लावलं. खिडकीतून मला गाडी दिसली. ती तळ्याकडे न वळता लांबच्या रस्त्याला लागली.

नवा डबा त्या दिवशी चांगला तापला असेल. दुपारी तळ्याच्या मधोमध, रोवलेल्या डहाळ्यांच्या अगदी शेजारी, बर्फात एक काळी फट उघडलेली मला इथून दिसली.

मित्रांनो, मला 'नाही' कधीच म्हणता येत नव्हतं, हे तुम्हाला ठाऊक आहे.