लाल लोकर

देवळातली स्तोत्रांची तालीम आटोपून घरी आलो, तर दार सताड उघडं आणि कल्लिरोई ताई घरात नाही. वाटेत नादात लक्ष गेलं नव्हतं, पण दाराच्या कडीला बांधलेली लाल लोकरही नाही.

वर्षभर ताईला विसर पडत चालला होता. आमच्या या ग्रीक बेटावरच्या गावच्या गल्ल्या चाच्यांना चकवायला बांधलेल्या. तिथं शहाणाही चुकतो. म्हणून मी घरापासून देवळापर्यंत लोकर ताणून ठेवली होती. ती धरून ताई जायची, यायची. युक्ती तिच्याच तोंडच्या जुन्या गोष्टीतली. राजकन्येनं दोरा दिला, म्हणून एक वीर भुलभुलैयातून जिवंत सुटला. पुढचं मात्र ताई घाईनं उरकायची : त्यानं तिलाच बेटावर झोपलेली टाकून गलबत हाकारलं.

समोर शेजारीण आर्गिरो फरशांच्या सांधीतून चुन्याचा कुंचला ओढत होती. ईस्टर तीन दिवसांवर आलेला.

"आर्गिरो, लोकर कुठंय?"

"ही काय, नीट गुंडाळलीय. चुन्यानं बरबटली असती की! आभार मानायचे सोडून..." माझा चेहरा बघून ती थांबली. "अगं बाई! ताई बाहेर आहेत?"

"कधी गुंडाळलीस?"

"पाचाची घंटा झाली तेव्हा. मग चुना कालवायला आत गेले होते."

म्हणजे तास होऊन गेला.

ओल्या चुन्यातून पावलं गेलेली दिसली. डावा पाय ओढलेला, म्हणजे ताईचाच. आम्ही त्या पांढऱ्या ठशांमागे निघालो. देवळाकडे वळायचं तिथं ती उलट दिशेला वळली होती. पावाच्या भट्टीपाशी ठसे पुसट झाले. पवनचक्कीपाशी नुसता अंगठा उमटलेला, आणि पुढं वाट फुटलेली : एक वस्तीकडे, एक कड्याकडे.

"आग लागो माझ्या टापटिपीला!" आर्गिरो रडू लागली. "हाका मारा ना, भाऊ!"

मारल्या. पण ताईला हल्ली स्वतःचं नावही परकं झालेलं.

मग मी स्तोत्र धरलं. देवळात ताई आयुष्यभर साथ देत आलेली, तेच. पहिली ओळ म्हणून थांबलो. नुसता वारा. देवा, एवढ्या वेळेला तरी. दुसरी ओळ म्हटली.

"प्रभू, दया कर," कड्याकडून बारीक आवाज आला. अगदी जिथं साथ द्यायची, तिथंच.

मी गात गात धावलो. थांबलो तर तीही थांबेल, उठून उभी राहील, ही धास्ती. ती पडक्या भिंतीवर बसली होती. पाय समुद्राकडे सोडलेले, एक चप्पल नाही. मी मागून तिला कवेत घेतलं.

"सूर फार वर धरलास," ती म्हणाली. "आणि होतास कुठं? मी जागी झाले, तर कुणीच नव्हतं."

आर्गिरोनं लोकरीचा गुंडा पुढं केला. मी एक टोक ताईच्या मनगटाला बांधलं, दुसरं माझ्या. खाली देवळाची घंटा झाली. चाळीस वर्षांत पहिल्यांदा ईस्टरआधीच्या गुरुवारी गायकांतली माझी जागा रिकामी राहणार होती.

"मी कोण, सांग बघू?"

ताईनं मनगटाची लोकर ओढून पाहिली.

"गाणारा," ती म्हणाली, आणि स्वतःच पुढची ओळ धरली. साथ मी दिली.