पुतळीकाकीच्या डब्यातला माइक

मी माइक बोलतोय. स्टेजवरचा उंच दांड्याचा नाही हो, कॉलरला चिमटा लावून अडकवतात ना, तो एवढुसा. मूळचा मुंबईचा, म्हणून बडबड जरा जास्त. सध्या मुक्काम वाढवणला, पुतळीकाकीच्या तंबाखूच्या डब्यात. बाहेर बोंबील सुकतायत. वासाचं विचारूच नका!

माझी मालकीण रुपल. आर्टिस्ट आहे. म्हणजे एकच काही नाही, ती नाचते, व्हिडिओ करते, भिंती रंगवते, आवाज गोळा करते, आणि सगळं लोकांच्या हक्कांसाठी. मनापासून करते, खोटं कशाला बोलू. इथे होऊ घातलेल्या बंदराला विरोध करणाऱ्या कोळणींचे आवाज तिला मुंबईच्या प्रदर्शनात ऐकवायचे होते.

पण आली कधी? होड्या किनाऱ्याला लागल्या, कामाची घाई उडाली तेव्हाच! काकी बोंबलांच्या जोड्या तोंडात तोंड अडकवून भराभर काठीवर टाकत होती. रुपलनं मला काकीच्या पदराला लावलं.

"काकी, समुद्र तुमच्यासाठी काय आहे?"

"आई आहे गो, आई! झालं समाधान? सगळ्यांना हेच पाहिजे असतं. आधीचेपण आले, आई म्हणवून घेतलं नि गेले. आम्ही मोर्चात उन्हात बसलो, तेव्हा तुमच्यातलं कोण होतं? आता सरक, माल खराब होईल."

"काकी, माइक चालू हाय," शेजारची चंद्रिका कुजबुजली.

"म्हणून तर बोलते!"

काय खणखणीत आवाज! मी शब्दन्‌शब्द पकडला.

मग रुपलच्या लॅपटॉपवर कात्री चालली. "आई आहे गो, आई" एवढंच उरलं. खाली बासरी. माझं डोकंच फिरलं. पण करणार काय? आम्हाला नुसता कान असतो.

पुढच्याच आठवड्यात रुपल हौसेनं ते ऐकवायला आली. बायका काय म्हणतात तेही टिपायला मला पुन्हा काकीच्या पदरावर लावलं.

काकीनं मोबाइल कानाशी धरला. "ही बासरी कशाला? मेलं कोण?"

"इफेक्ट आहे, काकी."

"आणि माझं पुढचं कुठाय?"

"ते… लोक दुखावतील ना. त्यांनाच तर आपल्या बाजूला आणायचंय."

"तुझे काटे काढून वाढते हो ती, काकी," चंद्रिका म्हणाली. "शहरातल्यांच्या घशात अडकायला नको!"

बायका खो-खो हसल्या. काकी नाही हसली. तिनं मला पदरावरून खुडलं आणि मुठीत आवळलं.

"तुला रडकी म्हातारी पाहिजे, तर दुसरीकडे शोध. माझं कापलेलं परत जोड, आम्हाला ऐकव, मग हा घेऊन जा."

"काकी, शनिवारी उद्‌घाटन आहे!"

"मग घाई कर."

रुपल इथून तडक स्टेशनला गेली. प्रदर्शन झालं, बासरीसकट. चंद्रिकाच्या फोनवर रील आली. गार हॉल, पांढऱ्या भिंती, आणि माणसं डोळे मिटून ऐकतायत. काकी तंबाखू मळता मळता बघत राहिली.

"मिटलेत बघ डोळे," ती म्हणाली. "पुढचं ऐकलं असतं, तर उघडले असते."

आणि डबा खटकन बंद.

रुपल, तू फोन करतेस, काकी उचलत नाही. तू दुसरा माइक घेशील गं, मला माहितीय. पण त्याला कोण देणार आहे काकीचा पदर? ये. कापलेलं सगळं जोडून आण, बासरी तिकडेच ठेव. आणि शिव्या खायची तयारी करून ये. माझी बॅटरी संपलीय, पण चंद्रिकाच्या चार्जरची पिन मला बसते, आणि काकीचं बोलणं अजून संपलेलं नाही.