रुसव्याचा अर्धा तास

लग्नघरात सगळ्यांत रिकामा माणूस कोण, तर विधुर बाप. नरपडच्या गोविंदराव राऊतांना हे दोन मुलींच्या लग्नांत पुरतं कळलं होतं. बायको गेलेली, त्यामुळे कन्यादानाला बसायचे थोरले भाऊ धोंडूदादा आणि वहिनी गोदूबाई. मग मांडवात गोविंदरावांचं काम काय? काहीच नाही. आणि ज्याला काही काम नसतं, त्याच्याच मागे लग्नात सगळी कामं लागतात.

थोरलीला आशागडच्या पाटलांकडे दिली. तेव्हा ऐन गोरजमुहूर्तावर नवऱ्याची आत्या हिरकणीबाई रुसली. निमित्त काय, तर चहाच्या कपाखाली बशी नव्हती. ती उठली ती थेट गोठ्यामागे जाऊन पेंढ्याला टेकून बसली. गोविंदराव तिच्यापुढे हात जोडून उभे असतानाच तिकडे मांडवात ‘सावधान’ झालं, ताशा कडाडला आणि अंतरपाट दूर झाला. मुठीतल्या अक्षतांचं काय करावं ते सुचेना, म्हणून त्यांनी त्या समोरच्या म्हशीवर टाकल्या. म्हैस बिचारी चकित झाली.

मधलीच्या लग्नात भटजी डहाणू रोडच्या रेल्वे फाटकापलीकडे अडकले. त्यांना आणायला गोविंदराव धावले. भटजी मात्र कुणाच्या तरी सायकलवर मागे बसून दुसऱ्या वाटेने पोचले आणि लग्न लावून मोकळे झाले. गोविंदराव फाटकात मालगाडीचे डबे बघत उभे.

लोक या गोष्टी सांगून हसत, आणि गोविंदरावही त्यांच्याबरोबर हसत. पण आत कुठेतरी ते सलत होतं. बायकोने शेवटच्या आजारात त्यांच्याकडे एकच मागितलं होतं. पोरींच्या डोक्यावर अक्षता पडतील तेव्हा माझ्या वाटणीचंही बघा, एवढंच. दोनदा त्यांच्या हातून ते राहून गेलं होतं. आता एकटी जमना उरली होती.

जमनाचं जमलं तेही आशागडलाच, थोरलीच्या धाकट्या दिराशी. घर चांगलं, मुलगा चांगला, वाडीत चिकूची झाडं भरपूर. फक्त आत्या तीच. डहाणू मराठी की गुजराती हा वाद त्या काळात दिल्लीपर्यंत गेला होता आणि आज ना उद्या त्याचा निकाल लागेल असं सगळे म्हणत. हिरकणीबाईंच्या रुसव्याचा निकाल लागेल असं मात्र कुणी म्हणत नव्हतं.

गोविंदरावांनी या वेळी लग्नाचा दिवस नीट आखायला घेतला. लोक दिवस आखतात तेव्हा सगळी माणसं शहाण्यासारखी वागतील असं धरून चालतात. गोविंदरावांनी माणसं जशी आहेत तशी धरली. गोरजमुहूर्तापासून ते मागे मागे मोजत गेले. भटजी तासभर उशिरा येणार, तेव्हा त्यांना तासभर आधीची वेळ सांगायची. पण भटजींना ही युक्ती ठाऊक असणार, म्हणून दोन तास आधीची. नवरदेवाचा जोडा कुणीतरी लपवणार, तो शोधायला वेळ हवा. वऱ्हाडाच्या बैलगाड्या आशागडहून येणार म्हणजे वाटेत फाटक लागणार. तिथे एक मालगाडी धरूनच ठेवली, नाही आली तर तेवढाच नफा. आणि चहा झाल्यावर, मुहूर्ताच्या आधी, हिरकणीबाईंच्या रुसव्याला अर्धा तास.

हे ऐकून गोदूबाईंनी तांदूळ निवडता निवडता सूपच खाली ठेवलं.

“भावोजी, रुसव्याला कुणी वेळ काढून ठेवतं का?”

“येणारच आहे तो, वहिनी. आधी रुसू दे. मी हातापाया पडून समजूत काढतो, आणि ‘सावधान’ला मांडवात हजर राहतो. या खेपेला मला बघायचंय.”

गोदूबाई पुन्हा तांदळाकडे वळल्या. सूप परत मांडीवर घेतलं आणि बराच वेळ एकच खडा शोधत राहिल्या.

ज्याची त्याची वेळ गोविंदरावांनी ज्याच्या त्याच्या तोंडून वदवून घेतली. आचारी, ताशेवाले, न्हावी, सगळे पोपटासारखे बोलू लागले. गंजाडचा लाहू त्यांच्या वाडीत कित्येक वर्षं कामाला होता. गाड्या घेऊन वऱ्हाड आणायचं काम त्याचं, म्हणून त्याला तर सगळा दिवसच पाठ झाला. शिवाय दोन डझन नव्या बशा आल्या.

लग्नाच्या दिवशी भटजी ठरल्याप्रमाणे उशिरा आले, म्हणजे अगदी वेळेवर. गोविंदरावांना हायसं वाटलं. ते निवांत दाढीला बसले, एक गाल झाला, आणि बाहेर बैलांच्या घुंगरांचा आवाज आला. आशागडहून लवकर निघालेलं वऱ्हाड, फाटकात थांबूनही, तासभर आधीच दारात. ताशेवाले अजून आंघोळीला गेलेले. एका गालावर साबणाचा फेस तसाच ठेवून गोविंदराव व्याह्यांना सामोरे धावले.

पुढच्या गाडीतून हिरकणीबाई उतरल्या. वाजंत्री नाही, पायघड्या नाहीत, यजमान अर्धे भादरलेले. एवढ्या भांडवलावर त्यांनी एरवी तीन लग्नं मोडत आणली असती. पण त्यांनी गोविंदरावांकडे एकदा पाहिलं, “चालायचंच,” म्हणाल्या आणि मांडवात गेल्या. हा शब्द त्यांच्या तोंडून आशागडात कुणी कधी ऐकला नव्हता.

चहा आला, बशीसकट आला. वाढणाऱ्याचं सगळं लक्ष बशीवर होतं, कारण गोविंदरावांनी त्याला सकाळपासून चारदा दम दिला होता. व्हायचं तेच झालं, कप हिरकणीबाईंच्या नव्या शालूवर उपडा झाला. हिरकणीबाईंनी शालू झटकला आणि मूळच्या रंगापेक्षा हा बरा दिसतो असं सांगून दुसरा कप मागितला.

गोविंदरावांना घाम फुटला. रुसव्याला काढून ठेवलेली वेळ सुरू झाली तेव्हा हिरकणीबाई रुखवत बघत होत्या. ती संपली तेव्हा त्या करंज्यांचं कौतुक करत होत्या. दुसरा कुणी खूश झाला असता. पण गोविंदरावांनी दुनिया पाहिली होती, निदान हिरकणीबाई तरी पाहिल्या होत्या. रुसवा टळला नाही, साठतोय, अशी त्यांची खात्री झाली. आणि साठलेला फुटणार तो ऐन अंतरपाटाच्या वेळी.

मग ते त्यांच्या मागेच लागले. पाणी हवं का, पंखा आणू का, ऊन लागतंय का. गुरं वाडीकडे परतू लागली, मंगलाष्टकं सुरू झाली, माणसं उभी राहिली, आणि गोविंदराव हिरकणीबाईंच्या खुर्चीमागे राखणदारासारखे उभे. समोर त्यांची जमना बोहल्यावर उभी होती आणि ते हिरकणीबाईंच्या अंबाड्यावर नजर लावून होते. अंबाडा जरा हलला की हे हात जोडायला तयार.

अंबाडा हलला. गोविंदराव वाकले.

“आत्याबाई, काही कमी पडलं का?”

हिरकणीबाईंनी मागे हात घातला, त्यांच्या उपरण्याचं टोक धरलं आणि ओढून त्यांना आपल्या शेजारी आणलं.

“उभे राहा इथे. फाटक बंद होतं तेव्हा लाहूने सांगितलं सगळं. थोरलीच्या वेळी तुम्ही माझ्यापुढे उभे होतात आणि इकडे लग्न लागलं, हे मला आजवर कुणी बोललं नाही. आज मी जागची हलत नाही. माझ्याकडे काय बघता? पोरीकडे बघा.”

गोविंदरावांनी मान वळवली. भटजी ‘सावधान’ म्हणाले, ताशा कडाडला, आणि अंतरपाट बाजूला झाला. हार हातात धरून जमना उभी होती. मुंडावळ्यांआडून तिने आधी नवऱ्याकडे पाहायचं, तर तिने बापाकडे पाहिलं. बाबा आहेत ना, एवढंच बघून घेतलं तिने. गोविंदरावांनी अक्षता टाकल्या. मग दुसरी मूठ भरली, बायकोच्या वाटणीची, आणि तीही टाकली. नंतर त्यांना काही दिसेना, कारण ते लहान मुलासारखे रडत होते, आणि त्याची त्यांना लाज वाटली नाही. एका गालावरचा साबण तेवढा डोळ्यांत गेला, असं त्यांनी धोंडूदादांना सांगितलं. तो कधीच वाळला होता.

पंगत बसली. जिलबीचं ताट फिरू लागलं आणि थोरली धावत आली. आत्या पानावरून उठल्या होत्या. गोविंदराव गोठ्यामागे गेले, तर हिरकणीबाई पेंढ्याला टेकून बसलेल्या, तोंड पलीकडे.

“आत्याबाई, आता काय चुकलं?”

“अर्धा तास?” हिरकणीबाई म्हणाल्या. “पंचक्रोशीत माझं नाव आहे, आणि माझ्या रुसव्याला अर्धाच तास?”

गोविंदरावांनी हात जोडून चूक कबूल केली. आता त्यांना कुठेच जायची घाई नव्हती. ते घरात गेले, स्वतः चहा केला आणि दोन कप घेऊन परत आले, दोन्ही बशीसकट. एक हिरकणीबाईंपुढे ठेवला, दुसरा आपण घेतला, आणि पेंढ्याच्या दुसऱ्या बाजूला टेकून समजूत काढायला बसले.