विल्फ पडद्यावरून बोलला

अगं, काल संध्याकाळी तुम्ही दोघी थिएटरात नव्हतात म्हणजे काय हुकवलंत! सगळं बर्न्ली गाव होतं तिथं!

हेटी माझ्या शेजारी. लढाईवर गेलेल्या तिच्या विल्फचं नऊ आठवडे पत्र नाही. जिवंत आहे की नाही, तेही ठाऊक नाही. तेवढ्यात पडद्यावर युद्धाच्या बातम्या लागल्या. पाटी आली, 'जखमी जवान, साउथपोर्टचं इस्पितळ.' बाकावर इस्पितळाच्या निळ्या कपड्यांतली पोरं, आणि मधोमध विल्फ! हेटी किंचाळलीच.

आणि तो चक्क बोलायला लागला! मुक्या सिनेमात आवाज कुठला असायला? पण पोरगा आपल्याच गिरणीतला ना! मागांच्या खडखडाटात आपण ओठ ताणताणून बोलतो, तस्सं, कॅमेऱ्यात बघून.

"गप्प बसा गं, ओठ वाचू द्या!" पियानोवाल्या बाईलासुद्धा गप्प केलं! पण फीत अशी पळाली, की ओठ नुसते फडफडले आणि विल्फ गायब.

"परत लावा! हळू फिरवा!"

सिनेमाच्या मशीनची मूठ फिरवणारे ग्रिमशॉकाका मागच्या खिडकीतून ओरडले, "हळू फिरवली तर फीत जळते, बायांनो!"

"जळू दे! तुमच्या मिशा जळल्या तरी फिरवा!" ही आपली मोठी एलन.

लावली बाई परत. इतकी हळू, की जळका वास सुटला. आणि चारशे विणकरणी एका सुरात वाचायला लागल्या, "उजव्या हाताची... तीन बोटं गेली. आता माग चालवणं... जमायचं नाही. दुसऱ्याकडून हे लिहवून घ्यायची... लाज वाटली. हेटी... तरी करशील लग्न?"

भस्सकन फीत जळाली! पडदा पांढराफटक.

चारशे माना हेटीकडे वळल्या. मला वाटलं, रडणार आता. छे! खुर्चीवर चढली, त्या पांढऱ्या उजेडात तोंड वर केलं आणि आवाज न काढता हे एवढाले ओठ ताणले. शेवटच्या रांगेपर्यंत सगळ्यांनी वाचलं.

"हो रे गाढवा! उद्या येतेय!"

काय आरडाओरडा झाला म्हणून सांगू! काकासुद्धा टोपी उडवत होते, हातातली जळकी फीत विसरून.

आणि गेली की आज पहिल्या गाडीनं! आत्ता पोचलीही असेल. आणि तो बावळट बसला असेल विचार करत, आपलं बोलणं कुणाला कळलं तरी असेल का!