आयव्हीचं एकच वाक्य

मित्रांनो, मी एक जुनं रीळ आहे. शिवणाच्या डब्यातलं दोऱ्याचं रीळ नव्हे, आणि तुम्ही फोनवर अंगठ्याने सरकवता ते तर मुळीच नव्हे! मी सिनेमाचं रीळ आहे आणि पत्र्याच्या गोल डब्यात राहतो.

१९५२ साली लंडनजवळ माझा जन्म झाला. माझ्यात आयव्ही टॅनफील्ड नावाची नटी आहे. तिचं नाव तेव्हाही फारसं कुणी ऐकलं नव्हतं. तीन चित्रपट, आणि तिन्हींत मोलकरीण! पहिल्या दोनांत ती नुसती दार उघडते. माझ्यात मात्र तिला बोलायला एक वाक्य मिळालं. मग सेम्बावांगच्या आरमारी गोदीतल्या एका इंजिनिअरशी लग्न करून, सिनेमाला रामराम ठोकून ती सिंगापूरला आली.

खलाशांच्या करमणुकीसाठी मीही त्याच गोदीत पोचलो. पडद्यावर आयव्ही दिसली की खलाशी शिट्ट्या मारत आणि तिचा नवरा ऐटीत मागे वळून बघे. काय दिवस होते ते! पण त्यांची मुलगी रोझी अडीच वर्षांची असताना आयव्ही तापाने गेली. पुढे गोदीतला तो सिनेमा बंद पडला, तेव्हा रोझीच्या वडिलांनी मला घरी आणलं. घरात प्रोजेक्टर नव्हता, म्हणून मी कपाटातच पडून राहिलो.

आता रोझी सत्तरीची आहे. सेम्बावांगच्याच एका फ्लॅटमध्ये एकटी राहते. शेजारी पुण्याचे श्रीनिवास आणि उल्का, आणि त्यांची मुलगी जाई. दोन वर्षांपूर्वी रोझीची दृष्टी अधू होऊ लागली, तेव्हा तिने मला श्रीनिवासच्या हाती दिलं.

“श्रीनी, यू कम्प्युटर पीपल कॅन डू, राइट? मला आईचा चेहरा बघायचाय, डोळे जायच्या आत. तिचा आवाजसुद्धा आठवत नाही गं बाई मला,” असं काहीसं ती उल्काकडे वळून इंग्रजीत म्हणाली.

“नक्की, आंटी!” श्रीनिवास म्हणाला. माणूस चांगला, पण “रविवारी बघू” हा त्याचा आवडता मंत्र. गणपती दोनदा येऊन गेले, मी आपला कपाटावर.

एका बुधवारी उल्का शिवणाचा डबा आवरत होती. “जाई, ती जुनी रिळं टाकून दे गं, नुसता गुंता झालाय!” जाईला घरातलं रीळ म्हणजे कपाटावरचा मी, एवढंच ठाऊक. तिने मला उचललं, नाक दाबलं आणि खालच्या रिसायकलिंगच्या निळ्या पेटीत टाकलं.

“अगं, दोऱ्याची रिळं म्हणाले मी!”

“मम्मा, यू सेड रीळ, व्हॉट! टिनवर पण ‘रील’ लिहिलंय, लाह!” जाई सिंगापुरी ठसक्यात म्हणाली.

रॅफल्स प्लेसच्या ऑफिसातून नुकताच परतलेला श्रीनिवास तसाच खाली धावला आणि कंबरेपर्यंत पेटीत वाकला. मी सापडलो, पण कुणाच्या तरी उरलेल्या मायलोत, म्हणजे चॉकलेटच्या पेयात, भिजून. त्याने रविवारची वाट पाहिली नाही. तडक मला अनघाकडे नेलं. ती विद्यापीठात जुन्या फिल्मवर संशोधन करते.

अनघाने डबा उघडून वास घेतला. “व्हिनेगरसारखा वास येतोय ना? फिल्म आतून कुजतेय. मायलोने काही बिघडलं नाही, हे आधीचंच आहे. दोन वर्षांपूर्वी आणली असतीत तर चेहरा मिळाला असता. आता कडेच्या आवाजाच्या पट्टीतून थोडा आवाज तेवढा निघेल.”

श्रीनिवास खाली मान घालून उभा राहिला. मला त्याचा राग आला होता आणि कीवही. मित्रांनो, कुणी विश्वासाने आपली ठेव तुमच्या हाती दिली, तर ती हातातच धरा, कपाटावर ठेवू नका.

महिन्याभराने सगळे रोझीच्या घरी जमले. तिला आता उजेड तेवढा कळतो. “सॉरी, आंटी. चित्र गेलं, माझ्यामुळे,” श्रीनिवास म्हणाला आणि त्याने लॅपटॉप सुरू केला. आधी बराच वेळ खरखर झाली. मग एका तरुण मुलीने अगदी स्पष्ट इंग्रजीत विचारलं, “चहा आणू का?”

रोझी खुर्चीत पुढे सरकली.

“येस, ममी,” ती म्हणाली.