कोरी दुमड

"परत दुमड उसवायची? अहो, मागच्या परीक्षेच्या वेळी तर सोडली होती!" मी त्या बाईंना म्हटलं. पलीकडच्या बंगल्यात राहतात त्या. मुलाची शाळेची पँट माझ्यापुढे धरून हसत होत्या.

"काय करू आजी, ताडमाडासारखा वाढतोय."

"खातो तरी काय?"

"खातो कुठे! ताट घेऊन मागे मागे पळावं लागतं."

आता गंमत बघा. आमचं शिवणकामाचं दुकान अशा जागी, की पुढच्या दारी बंगले आणि मागच्या दारी आमची गल्ली. मास्तर, म्हणजे आमचे हे, कापतात आणि मशीन मारतात. काजं-बटणं आणि हातशिलाई माझी. शाळेच्या कपड्याला खाली चार बोटं दुमड ठेवायची, मूल वाढलं की उसवून सोडायची, ही आमची रीतच. गल्लीतल्या बायका मास्तरांवर भारी खूश. "मास्तरांचा कपडा पुरतो हो! थोरलीचा धाकटीला आला, तरी दुमड तश्शी!" हे ऐकलं की मास्तरांना मूठभर मांस चढायचं. मीही मिरवत होतेच, खोटं कशाला बोलू?

त्या दिवशी मात्र डोक्यात किडा वळवळायला लागला. नात शाळेतून आली. तिला आम्ही बटण म्हणतो, जीव तेवढाच म्हणून. तिचा स्कर्ट खालून उलटा करून पाहिला. बाहेरचा निळा रंग धुऊन धुऊन विटलेला आणि दुमडीच्या आतला कोरा करकरीत. शिवून दोन वर्षं झाली होती.

"अहो, ही वाढलीच नाही."

"माझं मापच चोख असतं," मास्तर मशीनवरून म्हणाले.

"आग लागो तुमच्या मापाला! पोर बघा की जरा."

मशीन थांबलं. मास्तरांनी चष्मा वर करून बटणकडे पाहिलं आणि बराच वेळ पाहतच राहिले.

दुसऱ्या दिवशी तिला घेऊन दवाखाना गाठला. डॉक्टरीण तरुण होती, पण बोलायला गोड.

"पोट वरचेवर बिघडतं का हिचं?"

"बिघडतं की. सगळ्यांचंच बिघडतं."

"सगळ्यांचं म्हणजे?"

"म्हणजे... आमच्या गल्लीत," मी म्हटलं, आणि माझीच मला लाज वाटली. आमचा नळ गटाराला चिकटून येतो. पाण्याला वास येतो हे शेंबडं पोरही सांगेल.

"खाल्लेलं अंगी लागायच्या आत जुलाबावाटे जातं," ती म्हणाली. "पाणी उकळून द्या. दूध, अंडं चालू करा. अजून वय आहे, वाढेल. पण आता हयगय नको."

"पाणी मी उकळीन हो. नळाचं काय?"

"दोनदा लिहून पाठवलंय वर," ती म्हणाली आणि पुढच्या मुलाला बोलावलं.

तेव्हापासून आमच्याकडे पातेलं चुलीवरून उतरत नाही. मास्तरांनी स्वतःचं दूध बंद केलं. म्हणे, मला पचत नाही. चाळीस वर्षं पचत होतं!

"आजी, मी वाढले की काय करणार?" बटणनं विचारलं.

"तुझ्या स्कर्टची दुमड सोडणार."

झालं! रोज शाळेतून आली की भिंतीला पाठ लावून उभी. "आज सोडायची?" मी म्हणायची, थांब गं. असे चार-पाच महिने गेले. किती थांबायचं पोरीनं? परवा मी पाणी भरून येते तो काय, बाईसाहेब दारात उभ्या. पायाशी दोऱ्याचे तुकडे, हातात माझं ब्लेड. स्कर्ट पोटऱ्यांपर्यंत लोंबतोय आणि खाली तो गडद निळा पट्टा.

"बघ आजी, सोडली! वाढले ना मी?"

मास्तर मशीनवरून उठले. गुडघे दुखतात त्यांचे, तरी जमिनीवर बसले. टाचण्या ओठांत धरल्या, टेप लावली आणि पुन्हा एकदा लावून पाहिली.

"वाढलीस की," टाचण्यांतूनच म्हणाले.

मग दुमडीची जुनी रेघ सोडून, बोटभर खाली, त्यांनी पहिली टाचणी लावली.