वर्गणी बंद करण्याबाबत

संपादकांच्या त्या पत्राला मी उत्तर दिले नव्हते. पत्र येऊन सोळा दिवस झाले होते. घडी करून मी ते चष्म्याच्या घरात ठेवले होते, त्यामुळे चष्मा काढताना रोज ते बोटांना लागे आणि रोज मी ते तसेच राहू देई. सतराव्या दिवशी सकाळी मी चष्मा काढायला हात घातला आणि दारात सरूबाईचा आवाज आला.

"मास्तर, हाईसा न्हवं घरात?"

सरूबाई तुंगार्लीची. नवरा जाऊन बारा वर्षे झालेली. दोन म्हशी, आणि लोणावळ्याच्या बंगल्यांना दुधाचा रतीब. आमच्या दोन खोल्या बंगल्यांच्या वाटेवर, म्हणून आम्हालाही पावशेर घाली. पण आज तिच्या डोक्यावर चरवी नव्हती.

"दूध नाही आणलंत?" मी विचारले.

"दूध अंबाजी घिऊन गेला, माजा दीर. मला घराभाईर पडाया बंदी केलीया त्यानं." ती उंबऱ्याच्या आत येऊन बसली. "तुमच्या पुस्तकात माज्यावर काय छापलंय त्ये वाचून दावा."

मी चष्मा डोळ्यांवर चढवला. "माझं पुस्तक नव्हे हो ते. मासिक आहे, पुण्याहून निघतं. मी नुसता घेतो."

"घेता म्हंजी तुमचंच की. वर शाईनं तुमचं नाव हाय. न्हाव्याच्या दुकानात डोळ्यांनी बगून आलाय अंबाजी."

तेही खरेच होते. गावात त्या मासिकाचा अंक एकच येई, माझा. शाळेत मास्तर होतो तेव्हापासूनची तेवीस वर्षांची वर्गणी. वाचून झाला की मी तो स्टेशनातल्या तारमास्तरांना देई, तिथून तो दवाखान्याच्या कंपाउंडरकडे आणि शेवटी न्हाव्याच्या दुकानात जाई. गावाला वाचायला मिळते याचा मला थोडा अभिमानही होता. ऑक्टोबरचा अंक असाच फिरला, आणि सरूबाईवर जे कोणी हसले ते माझ्या अंकातून हसले. सर्वांच्या आधी मी हसलो होतो. हे लिहायला लाज वाटते, पण खरे आहे.

लेख होता 'हवा खाण्याचे दिवस'. वैशाखात इथे महिनाभर बंगला घेऊन राहिलेल्या एका गृहस्थाने टोपणनावाने लिहिलेला. मी अंक काढला आणि अडखळत वाचू लागलो. "आमच्या सरूच्या डाव्या हाताला सहा बोटे आहेत. पाच बोटे दूध मोजतात, सहावे पाणी."

सरूबाईने डावा हात पदराखाली घेतला नाही. उलट गुडघ्यावर ठेवला आणि ऐकत राहिली. तुंगार्ली ते खंडाळा असा दुसरा हात नव्हता. नाव बदलले असते तरी लोकांनी ओळखलेच असते, आणि त्या गृहस्थाने तर नावही बदलायची तसदी घेतली नव्हती. कोणी वाचणार आहे असे त्याला वाटलेच नसावे.

मी पुढचे एक वाक्य सोडून खालच्या परिच्छेदावर गेलो.

"थांबा," ती म्हणाली. "हसायचं गाळलंत."

"काय?"

"त्ये हसूचं. सगळ्या गावाला पाठ झालंय, मास्तर. तुमच्या तोंडून ऐकायचं हाय."

मी वाचले. हळू आवाजात वाचले, कारण आत माझी बायको अनसूया होती. "दूध ती मापून देते. हसू मात्र मापाशिवाय, आणि बंगल्यात साहेब एकटा असला तर अंमळ जास्तच."

मग ती म्हणाली, "पान्याचं म्हनू द्या, त्ये समद्यांनाच म्हनत्यात. पर हसले कवा ठावं हाय का? त्यो पायरीवरनं घसरला. टोपी शेनात, चष्मा कुटं, धोतर कुटं. वर मलाच म्हनतो, 'हसतेस काय गं?' आता न्हाई हसायचं तर काय आरती करायची?"

आतून अनसूयेचे हसणे फुटले. सरूबाईही क्षणभर हसली, आणि लगेच तिचे तोंड उतरले. "अकरा वर्सं त्या बंगल्यांच्या पायऱ्या चढतिया. कुनी एक बोट दावलं न्हाई. आता अंबाजी म्हनतो, तू गोठ्यात ऱ्हा, दूध मी घालतो. माज्या म्हशी, माजी गिऱ्हाइकं, आनि मी गोठ्यात? त्यास्नी लिवा."

"कोणाला?"

"पुस्तकवाल्याला. हे खोटं हाय म्हनून लिवा."

मी चष्म्याच्या घरावर हात ठेवून बसलो.

आता त्या पत्रात काय होते ते सांगितले पाहिजे. तेवीस वर्षांत मी त्या मासिकाला पाच लेख पाठवले आणि पाचही 'साभार परत' आले. सहावा होता मावळातल्या भाताच्या नावांवर. आंबेमोहोर, जिरेसाळ, रायभोग ही सर्वांना ठाऊक असतात, पण गावोगावच्या म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी आणखी कितीतरी होती. पेन्शनीत आल्यावर नऊ वर्षे मी पायी हिंडून ती टिपून घेतली. पत्रात लिहिले होते, 'आपला लेख स्वीकारला आहे, जानेवारीच्या अंकी घेत आहोत. पुढील वर्षाच्या वर्गणीची व्ही.पी. त्याच अंकाबरोबर येईल. दोहोंबाबत काही हरकत असल्यास वीस तारखेपर्यंत कळवावे. उत्तर न आल्यास संमती समजू.'

मला काहीच करायचे नव्हते. नुसते गप्प बसायचे होते, आणि चौसष्टाव्या वर्षी माझे नाव छापून आले असते. गप्प बसणे मला जन्मभर जमलेले आहे. आणि त्या दिवशी अठरा तारीख होती.

अनसूया चहा घेऊन बाहेर आली. तिला पत्राचे ठाऊक होते. तिने माझ्याकडे पाहिले आणि माझी सुटका करायला म्हणाली, "अहो, लिहायचं कशाला? जानेवारीत पोस्टमन अंक घेऊन व्ही.पी.चे पैसे मागायला आला की 'घेत नाही' म्हणा. तो शेरा मारून परत नेईल. वर्गणी आपोआप बंद. लोक असंच करतात."

खरेच लोक असेच करत. मला तो मार्ग फार आवडला. लेख छापून आला असता, मग व्ही.पी. परत गेली असती, आणि कोणालाही तोंडाने काही सांगावे लागले नसते.

"म्हंजी मुकाट्यानं परत धाडायचं?" सरूबाईने विचारले.

"हो."

"मग त्यास्नी काय कळनार? म्हनतील, म्हाताऱ्याजवळ पैसं नसतील. न्हाईतर मेला असंल."

अनसूयेने ओठ दाबून घेतले.

"पण सरूबाई," मी म्हणालो, "मी लिहिलं तरी ते छापणार नाहीत. एका पेन्शनर मास्तराचं कोण ऐकतं?"

"नगा छापू म्हनावं. पर त्यास्नी कळू द्या, आमाला वाचता येतं."

"तुम्हाला?"

"तुमाला येतं न्हवं? त्येच त्ये."

मी दौत-टाक घेऊन बसलो. ओळभर लिहिले की ती म्हणे, "वाचा." मी वाचले, "रा. रा. संपादकमहाशय यांस, कृतानेक सप्रेम नमस्कार."

"सप्रेम म्हंजी?"

"प्रेमानं."

"कुनाच्या?"

मी 'सप्रेम' खोडले. थोड्या वेळाने 'कृतानेक'ही खोडले. पुढे लिहिले होते, 'प्रस्तुत अल्पमती वाचकाच्या धारिष्ट्याबद्दल प्रथमच क्षमा मागून नम्र विनंती की.'

"ह्यात माफी कोन मागतंय?"

"मी."

"तुमी काय केलंत?"

"हसलो होतो," मी म्हणालो. "पहिल्यांदा वाचलं तेव्हा."

अनसूया चहाचा पेला हातात धरून तशीच उभी राहिली. सरूबाई माझ्याकडे पाहत होती. रागावली असती तर बरे वाटले असते.

"मग माफी माजी मागा," ती म्हणाली. "त्यांची कशापायी?"

मी मागितली. उंबऱ्याजवळ बसलेल्या बाईची, बसल्या जागेवरून. शब्द नीट आले की नाही आठवत नाही. "बरं," ती म्हणाली, "आता फुडं लिवा."

तीन कागद खराब झाले. चौथ्यावर जे उरले ते असे:

'संपादक यांस, आपल्या ऑक्टोबरच्या अंकात तुंगार्लीच्या सरूबाई यांच्या हसण्याविषयी जे छापले आहे ते खोटे आहे. मी त्यांना अकरा वर्षे ओळखतो. आपले लेखक बंगल्याच्या पायरीवरून शेणात पडले, म्हणून त्या हसल्या. हे छापावे. असा मजकूर देणाऱ्या मासिकाचा मी वर्गणीदार राहू इच्छीत नाही. व्ही.पी. पाठवू नये. माझा भातावरील लेख छापू नये, परत पाठवावा. मी उत्तर दिले नाही तर ती माझी संमती यापुढे समजू नये. चिंतामणी केशव लेले, लोणावळे.'

"भातावरचं काय म्हनलात?" सरूबाईने विचारले.

"माझा एक लेख ते छापणार होते. भाताच्या नावांचा."

"म्हंजी तुमी आमच्या सासूबाईपाशी बसून लिवून घेतलंत, त्यो?"

"तोच."

"आनि आता न्हाई छापायचा?"

"नाही."

मला वाटले, आता ती हळहळेल. खरे सांगायचे तर तिने हळहळावे अशी माझी इच्छा होती. तिने जरा विचार केला.

"बरं झालं. म्हातारीची नावं त्या पुस्तकात कशाला जायाची?"

अनसूया आत निघून गेली. भांड्यांचा आवाज जरा जास्तच येऊ लागला. मी पाकीट चिकटवले.

पोस्टापर्यंत आम्ही बाजारातून गेलो. मी अंगरखा घातला होता, टोपी नीट केली होती. सरूबाई चार पावले पुढे चालत होती. न्हाव्याच्या दुकानापाशी दोघेजण बाकावर बसले होते. त्यातला एक म्हणाला, "काय सरूबाई, आज हातात माप न्हाई?"

"हाय की," ती न थांबता म्हणाली. "घसरून पड, मंग दाविते."

दुसरा मोठ्याने हसला. पहिला हसला नाही. मी दुकानात शिरलो. माझा ऑक्टोबरचा अंक आरशाखाली पडलेला होता. तो उचलला आणि काखेत मारला. न्हावी म्हणाला, "मास्तर, अजून वाचून व्हायचाय माजा." मी म्हणालो, "माझा झाला." आयुष्यात बाजारात मी इतक्या मोठ्याने बोललो नव्हतो.

पोस्टाच्या लाल पेटीपाशी मी पत्ता पुन्हा वाचला. सरूबाई घाई करत नव्हती. पाकीट फटीत सारले, ते अर्धे आत गेले आणि मी धरूनच राहिलो. मग सोडले. पडल्याचा आवाज आला नाही. आत आधीच बरीच पत्रे असावीत.

"पडलं का?" तिने विचारले.

"पडलं."

"मग चला. म्हशी धुवायच्यात मला, सांजचा रतीब मीच घालनार." असे म्हणून ती वळली आणि उन्हातून बंगल्यांच्या अंगाने चढाला लागली.